तुम्ही विचारलंत म्हणून: पुढाऱ्याचं नाव पुसलेला बँड

आर्ट एन्सेम्बल ऑफ शिकागो या अमेरिकी जॅझ बँडची रेकॉर्ड कोणाला ऐकवली की पहिला प्रश्न येतो, "हे नक्की काय चाललंय?" पाच-दहा मिनिटं धीर धरला तर त्याचं उत्तर रेकॉर्डच देते. मला आवडतो तो दुसरा प्रश्न, आणि तो हमखास येतो: "असं संगीत वाजवणारी माणसं इतकी वर्षं एकत्र राहिली कशी?" तुम्हीही तेच विचारलंत.

माझ्या मते याचं उत्तर त्यांच्या नावात आहे.

१९६५ साली शिकागोतल्या कृष्णवर्णीय संगीतकारांनी एक संस्था काढली. पियानोवादक मुहाल रिचर्ड एब्रम्स तिच्या संस्थापकांपैकी एक. संस्थेच्या कार्यक्रमांत स्वतःचंच संगीत वाजवायचं, असा तिथला दंडक होता. सॅक्सोफोनवादक रॉस्को मिचेल तिथलाच. त्याच्यासोबत ट्रम्पेटवर लेस्टर बोवी, बासवर मालाकाय फेवर्स आणि ड्रम्सवर फिलिप विल्सन. बँडचं नाव होतं रॉस्को मिचेल आर्ट एन्सेम्बल. म्हणजे रीतीप्रमाणे पुढाऱ्याचं नाव आधी, बाकीचे त्याचे साथीदार.

मग १९६७ मध्ये विल्सन एका ब्लूज बँडमध्ये निघून गेला. मनासारखा दुसरा ड्रमर मिळेना. जॅझमध्ये ड्रमर नसणं म्हणजे घराचा वासाच काढून घेण्यासारखं. पण यांनी ते काम आपसात वाटून घेतलं. घंटा, शिट्ट्या, झांजा, सायकलचे भोंगे, खुळखुळे अशी 'छोटी वाद्यं' त्यांच्याकडे आधीपासून होती; आता लयीचा भार त्यांच्यावर आला. सॅक्सोफोन वाजवता वाजवता तो खाली ठेवून घंटा हातात घ्यायची, ट्रम्पेटवाल्याने ढोलाकडे वळायचं. त्या काळातलं वादन ऐकताना ताल नेमका कोणाकडे आहे हे सांगताच येत नाही, आणि मला तीच त्यांची खरी जडणघडण वाटते. एकाने सांभाळायचं ते सगळ्यांनी सांभाळायची सवय इथे लागली.

जोसेफ जार्मन आला तो दुःखातून. तोही सॅक्सोफोनवादक, त्याचा स्वतःचा बँड होता. पण त्याचा पियानोवादक १९६८ मध्ये आणि बासवादक १९६९ मध्ये गेला, दोघंही ऐन तारुण्यात. त्यानंतर तो या तिघांत मिसळला.

१९६९ च्या उन्हाळ्यात चौघं पॅरिसला गेले. प्रवासाच्या पैशांसाठी बोवीने घरातलं फर्निचर विकलं. तिथे एका फ्रेंच आयोजकाने ओळख म्हणून नावापुढे 'ऑफ शिकागो' जोडलं. मिचेलचं नाव गेलं, गावाचं आलं, आणि त्यांनी ते तसंच ठेवलं. कारण बँड आता खरोखर सगळ्यांचा झाला होता. ज्याचं नाव गेलं त्या मिचेलबद्दल मला फार आदर वाटतो. सुरुवात त्याची, रचना त्याच्या, तरी त्याने मालकी धरून ठेवली नाही.

पॅरिसच्या दोन वर्षांत त्यांनी डझनाहून जास्त रेकॉर्ड केल्या. त्यातली 'पीपल इन सॉरो' म्हणजे चाळीसएक मिनिटांची एकच रचना. बराच वेळ नुसती कुजबुज, मध्ये शांतता, आणि एक साधी, करुण धून पुन्हा पुन्हा वर येते. गोंगाट असेल म्हणून ज्यांनी या बँडकडे पाठ फिरवली त्यांना मी हीच ऐकवतो. तिथेच त्यांना फामुदू डॉन मोये हा ड्रमर भेटला आणि पाच जण पुरे झाले.

पैशांचं म्हणाल, तर चंगळ कधीच नव्हती. १९७१ मध्ये अमेरिकेत परतल्यावर कामं मोजकीच होती. पण मिळकत आणि निर्णय सामाईक होते, आणि प्रत्येकाला बाहेर स्वतःचं काही करायची मोकळीक होती. बोवीने फुंकवाद्यांचा वेगळा बँड काढला, मिचेल आपल्या रचना लिहीत राहिला. कोणी कोणाला अडवलं नाही. सत्तरीच्या दशकाच्या शेवटी जर्मनीच्या ईसीएम या रेकॉर्ड कंपनीकडून रेकॉर्ड निघायला लागल्या आणि श्रोते वाढले.

मंचावरही तेच. जार्मन, फेवर्स आणि मोये चेहरे रंगवून, आफ्रिकी धाटणीच्या पोशाखात. बोवी प्रयोगशाळेतला पांढरा कोट घालून. मिचेल साध्या कपड्यांत. सुरुवातीला सगळे पूर्वेकडे तोंड करून स्तब्ध उभे राहत. इतके वेगळे पाच जण एकाच क्षणी गप्प होतात, हे चित्रीकरणात पाहतानाही माझ्या अंगावर काटा येतो.

१९९३ मध्ये जार्मन बाहेर पडला. त्याला झेन या बौद्ध पंथाच्या साधनेकडे आणि आयकिडो ही जपानी युद्धकला शिकवण्याकडे वळायचं होतं. बँडने त्याच्यासाठी दार बंद केलं नाही, आणि २००३ मध्ये तो परत आला. मधल्या काळात, १९९९ मध्ये, बोवी कर्करोगाने गेला. २००४ मध्ये फेवर्स आणि २०१९ मध्ये जार्मनही गेला. त्याच वर्षी मिचेल आणि मोये यांनी तरुण वादकांचा मोठा ताफा सोबत घेऊन पन्नाशीची रेकॉर्ड काढली.

पण तुम्ही एकच ऐकणार असाल, तर बोवी गेल्यावर उरलेल्या तिघांनी त्याच्या आठवणीत केलेली रेकॉर्ड ऐका. मिचेल, फेवर्स आणि मोये, एवढेच. तिच्यात ट्रम्पेट वाजवायला त्यांनी दुसरं कोणी बोलावलं नाही.