कॅप्टन दांजूची १२० मिमी फिगर (छोटी मूर्ती) : डावा हात बसवला, क्रॉस आणि बेस बाकी

सद्यस्थिती: चेहरा, निळं ट्युनिक आणि लाल पँट रंगवून झाली. केपी या फ्रेंच लष्करी टोपीवरच्या सोनेरी ओळींचा शेवटचा हात राहिलाय. डावा हात नव्याने घडवून मनगटाशी बसवला. या नोंदीत मुख्यतः त्या हाताबद्दलच, कारण या फिगरचा सगळा जीव तिथे आहे आणि बहुतेक फिगर तिथेच फसतात.

आधी माणूस कोण ते. ज्याँ दांजू, फ्रेंच फॉरेन लीजनचा (परदेशी सैनिकांच्या फ्रेंच दलाचा) कॅप्टन. जन्म १५ एप्रिल १८२८, दक्षिण फ्रान्समधलं शालाब्र. सां-सीरच्या लष्करी शाळेतून बाहेर पडला आणि १८५२ साली लीजनमध्ये आला. १८५३ मध्ये अल्जीरियात नकाशासाठी मोजणी चालू असताना बंदूक फुटली आणि डावा हात गेला. वय पंचवीस. नोकरी सोडून घरी जायला एवढं कारण पुरेसं होतं. त्याने सांध्यांत वळणारा लाकडी हात करवून घेतला आणि त्यानंतर क्रिमिया, सेव्हास्तोपोल, १८५५ मध्ये कॅप्टनपद, १८५९ च्या इटली मोहिमेत माजेंता आणि सोल्फेरिनो, आणि शेवटी मेक्सिको एवढी मजल मारली.

आता चूक कुठे होते ते. तो हात आज ओबान्यच्या लीजन संग्रहालयात आहे आणि दर ३० एप्रिलला, त्याच्या शेवटच्या लढाईच्या दिवशी, संचलनात मानाने मिरवला जातो. त्याचे फोटो बघून सगळे जण तो अक्रोडी तपकिरी रंगवतात. पण दांजू वापरत होता तेव्हा तो हातमोज्यासारखा दिसावा असा रंगवलेला होता. म्हणजे १८६३ चा दांजू करायचा तर डावा हात पांढरट हवा. तपकिरी हात ही संग्रहालयातली वस्तू झाली, माणसाचा हात नाही.

मग उजव्या हातात पांढरा मोजा, म्हणजे दोन्ही हात पांढरे असताना एक लाकडी आहे हे बघणाऱ्याला कळणार कसं? उत्तर रंगात नाही, घडणीत आणि चमकेत आहे.

घडण: १:१६ प्रमाणात हात साधारण १२ मिमी लांब. आत ०.४ मिमी तांब्याच्या तारेची पाच बोटं, वर दोन भागांची एपॉक्सी पुटी, समसमान मळून. मळल्यावर पंधरा-वीस मिनिटं थांबायचं. लगेच लावली तर चिकटते आणि बोटं जाड होतात. उजवा हात आधी करावा: खरा कातडी मोजा, मनगटाशी चुण्या, बोटांच्या पेरांवर सैल घड्या. डाव्यावर यातलं काहीच नको. चारी बोटं एकाच मापाने किंचित वाकलेली, तळवा सपाट, शीर नाही, चुणी नाही. पुटी अर्धी सुकली की सुईच्या टोकाने सांध्यांच्या जागी उथळ रेघ. खोल गेलात तर बोट तुटल्यासारखं दिसतं. बाहीच्या काठाशी एक केसभर फट ठेवा, म्हणजे हात बाहीतून उगवलेला न वाटता आत बसवलेला वाटतो. पहिल्या प्रयत्नात ही फट पुटीने बुजली आणि हात सरळ मोज्यातला वाटू लागला, म्हणून तो कापून दुसरा केला.

रंग: दोन्ही हातांना एकच पांढरट रंग, पांढऱ्यात थोडं बफ (फिकट पिवळट तपकिरी) मिसळून, एकास दोन पाण्याने पातळ करून चार थर. शुद्ध पांढरा फक्त सगळ्यात उंच कडांवर. उजव्याला मॅट व्हार्निश, डाव्याला सॅटिन. रंगवलेलं लाकूड हलकं चमकतं, कातडं तेवढं चमकत नाही. फिगर खिडकीपाशी फिरवली की फरक आपोआप दिसतो. अंगठा आणि तर्जनीच्या टोकाला स्पंजने लाकडी तपकिरीचे दोन-तीन ठिपके पुरेत. चौथा टाकलात की हात गंजलेल्या रणगाड्यासारखा दिसतो. पावसाळ्यात सुपरग्लूने जोड केला तर भोवती पांढरी वाफ धरते आणि सॅटिनवर ती उठून दिसते, म्हणून हा जोड एपॉक्सीनेच केला.

लाल पँटबद्दल थोडक्यात. हा फ्रेंच लाल म्हणजे गारांस, आपल्या मंजिष्ठेच्याच कुळातल्या वनस्पतीचा. आगीसारखा लाल नव्हे, किंचित विटकरीकडे झुकणारा. खाली लालसर तपकिरीचा थर द्या. उजळताना पांढरा मिसळू नका, पँट गुलाबी होते. नारिंगी आणि कातडीचा रंग मिसळा.

केपी: माथा लाल, पट्टा गडद निळा, पट्ट्यावर कॅप्टनच्या तीन सोनेरी आडव्या ओळी. आधी गेरूमिश्रित तपकिरीच्या रेघा, त्यावर धातुई सोनेरी, मग दोन ओळींमधली जागा पुन्हा निळ्याने साफ करायची. थेट निळ्यावर सोनेरी ओढलं तर ते हिरवट दिसतं.

पुढचं काम लीजन ऑफ ऑनर या फ्रेंच सन्मानाच्या क्रॉसचं. मोहिमेवरचा वेष म्हणून छातीवर एवढाच लावायचं ठरलंय. मूळ क्रॉस साधारण ४० मिमी, म्हणजे आपल्याला २.५ मिमी. पाच बाहू, प्रत्येकाला दोन टोकं. पांढरा मुलामा, मधे हिरवी पानमाळ, कडा चांदीच्या. दांजू शव्हालिए, म्हणजे पहिल्या पायरीचा मानकरी, तेव्हा लाल फितीवर गुलाबफूल नको. ते लावलं की तो वरच्या पायरीचा ऑफिसर झाला. आजच्या क्रॉसचा फोटो नमुन्याला घेऊ नका. त्याच्या वर पानमाळ असते, तर दांजूच्या वेळी, फ्रान्सच्या दुसऱ्या साम्राज्याच्या काळात, तिथे सम्राटाचा मुकुट होता आणि मधे नेपोलियनचा चेहरा. पूर्ण पोशाखातला दांजू करणाऱ्यांसाठी आणखी दोन फिती: क्रिमियाची फिकट निळी, पिवळ्या कडांची, इटलीची लाल, पाच पांढऱ्या पट्ट्यांची. दुसरीला ब्रश पुरणार नाही, डीकल (चिकटवायचं छापील चित्र) छापून घ्या.

बेस मेक्सिकोतल्या कामेरोनच्या हवेलीचा, म्हणजे दांजू जिथे पडला तिथला, करणार नाही, त्याच सकाळी कंपनी थांबली त्या पालो व्हेर्देचा करणार. ३० एप्रिल १८६३ च्या रात्री १ वाजता लीजनची तिसरी कंपनी चिकीवितेचा तळ सोडून निघाली: ६२ सैनिक, ३ अधिकारी. प्वेब्लाच्या वेढ्यासाठी सोनं आणि तोफा घेऊन येणाऱ्या ताफ्याचा रस्ता बघायला. कंपनीचे अधिकारी पीतज्वराने पडले होते, म्हणून मुख्यालयातला दांजू स्वतःहून पुढे आला, सोबत ध्वजाधिकारी मोदे आणि पगार-अधिकारी व्हिलँ. सकाळी सातच्या सुमाराला पालो व्हेर्देला कॉफी उकळत असताना घोडदळाची धूळ दिसली. भांडी तशीच उपडी केली. त्या दिवशी त्यांना पुढे पाणी मिळालं नाही, आणि दुपारच्या सुमाराला दांजू गोळी लागून पडला. उरलेले संध्याकाळी सहापर्यंत लढत राहिले.

म्हणून बेसवर कलंडलेलं कॉफीचं भांडं येणार, १ मिमी जाडीच्या शिशाच्या पत्र्याचं. कपड्यांवर रात्रभराची धूळ, पण गुडघ्याखालीच: पिवळट आणि राखाडी खडू किसून, आयसोप्रोपाइलच्या थेंबाने बसवून. ओली असताना ती काळी दिसते, घाबरून वर आणखी थापू नका, सुकली की रंग परत येतो. भांड्यापुढच्या मातीत तपकिरी डाग आणि त्यावर ग्लॉस व्हार्निशचा एक थर, कॉफी अजून मुरायची आहे असा.