नाविक पंचांग: ध्रुवाचं पान सुटलं, आता चंद्र

सूर्य-तारे मोजून समुद्रावरचं आपलं ठिकाण काढायचा छंद मी शिकतेय. मागच्या टप्प्यात माध्यान्हीच्या सूर्यावरून अक्षांश काढण्यापर्यंत पोचले होते. ते आता हातात बसलंय. त्यामुळे या वेळी सेक्स्टंटबद्दल, म्हणजे सूर्य-ताऱ्यांची क्षितिजापासूनची उंची मोजायच्या उपकरणाबद्दल, फार लिहीत नाही, कारण सगळा वेळ नॉटिकल अल्मनॅकमध्ये, म्हणजे नाविक पंचांगातच गेला. माझं मत आता पक्कं झालंय की या छंदाची खरी गोडी पंचांगात आहे. सेक्स्टंट फक्त एक कोन देतो. तो कोन पृथ्वीवर कुठून मोजायचा, हे पंचांग सांगतं.

नव्याने आलेल्यांसाठी थोडक्यात. उघडलेल्या दोन पानांवर तीन दिवस मावतात. डावीकडे मेषारंभ (ताऱ्यांच्या जागा जिथून मोजतात तो आकाशातला बिंदू), चार ग्रह आणि निवडक ५७ तारे. उजवीकडे सूर्य, चंद्र, उदयास्त आणि संधिप्रकाशाच्या वेळा. सूर्य, चंद्र आणि ग्रहांना दर तासाला दोन आकडे: जीएचए, म्हणजे ग्रीनिचपासून पश्चिमेकडे मोजलेला कोन, आणि क्रांती, म्हणजे विषुववृत्तापासून उत्तरेकडे किंवा दक्षिणेकडे मोजलेला कोन. हे दोन आकडे मिळाले की त्या क्षणी ती ज्योती पृथ्वीवरच्या नेमक्या कोणत्या बिंदूच्या डोक्यावर आहे ते कळतं. तुम्ही मोजलेले उन्नतांश, म्हणजे क्षितिजापासूनची उंची, ५४ असतील तर ९० मधून ते वजा करा, ३६ अंश उरतात. एका कलेला (अंशाच्या साठाव्या भागाला) एक सागरी मैल, म्हणजे तुम्ही त्या बिंदूपासून २१६० मैलांवर आहात. बाकी सगळं गणित या एका वाक्याभोवती फिरतं.

आता माझं आवडतं पान. मागच्या रंगीत पानांवर मिनिट-सेकंदांची वाढ दिलेली असते. समजा वेध घेताना तासावर ३७ मिनिटं २२ सेकंद झाली होती. त्या ओळीत तीन आकडे सापडतात: सूर्य आणि ग्रहांसाठी ९° २०.५′, मेषारंभासाठी ९° २२.०′ आणि चंद्रासाठी ८° ५५.०′. वेळ तीच, आकडे तीन. सूर्य तासाला १५ अंश सरकतो. तारे त्याच्याहून किंचित पुढे, तासाला सुमारे १५° २.५′, कारण ताऱ्यांचा दिवस आपल्या दिवसापेक्षा जवळजवळ चार मिनिटांनी लहान असतो. चंद्र रोज पूर्वेकडे मागे पडत जातो, म्हणून त्याचा हिशेब तासाला १४° १९′ असा कमीत कमी धरलेला असतो, आणि खरी चाल त्याहून जितकी जास्त तितकी v या अक्षराखाली वेगळी मिळवायची. ग्रहांनाही v आहे, आणि शुक्राचा v कधीकधी उणे असतो, तिकडे लक्ष ठेवा. हे कळल्यापासून ते पान मला नुसतं कोष्टक वाटत नाही. एकेका ओळीत आकाशातल्या तीन चाली शेजारी शेजारी मांडलेल्या दिसतात.

घड्याळाचं महत्त्वही याच पानावर पटतं. चार सेकंदांना एक कला. घड्याळ चार सेकंद पुढे असेल तर विषुववृत्तावर तुमचं रेखांश एका सागरी मैलाने हललं. अक्षांशाला माध्यान्हीच्या वेधात ही भीती नाही, कारण सूर्य तिथे काही क्षण अडखळल्यासारखा थांबतो. पण नेमक्या त्याच कारणाने माध्यान्हीचा क्षण सेकंदापर्यंत पकडता येत नाही. रेखांश हवं तर सकाळी आणि दुपारी सूर्य सारख्याच उंचीवर असतानाच्या वेळा नोंदवून मधली वेळ काढावी लागते. पंचांगात सूर्य मध्यावर येण्याची वेळ रोजची दिलेली असते. नोव्हेंबरच्या सुरुवातीला ती ११:४४ असते आणि फेब्रुवारीच्या मध्याला १२:१४. अर्ध्या तासाचा हा फरक ज्यांना ठाऊक नाही, ते बारा वाजता सेक्स्टंट घेऊन उभे राहतात आणि नोव्हेंबरात सूर्य निसटून गेलेला असतो.

तारे मोजायला सुरुवात केली तेव्हा ५७ ताऱ्यांचा जीएचए तासातासाला छापलेला नाही हे पाहून आधी कोडंच पडलं. उत्तर फार देखणं आहे. ताऱ्यांची एकमेकांतली जागा जवळजवळ हलत नाही, म्हणून प्रत्येकाचं मेषारंभापासूनचं अंतर, म्हणजे एसएचए, तीन दिवसांसाठी एकदाच दिलं की पुरतं. मेषारंभाचा जीएचए अधिक ताऱ्याचा एसएचए, बेरीज ३६० च्या वर गेली तर ३६० वजा. व्याध, अगस्ती, स्वाती, अभिजित, चित्रा, ज्येष्ठा असे ओळखीचे बहुतेक ठळक तारे यादीत आहेत.

ध्रुव मात्र त्या ५७ मध्ये नाही. त्याला स्वतःचं वेगळं कोष्टक आहे, आणि या वेळी माझा सगळ्यात जास्त जीव त्यातच रमला. ध्रुव खऱ्या ध्रुवबिंदूपासून अर्ध्या अंशाहून थोडा जास्त दूर आहे. त्याचे उन्नतांश सरळ अक्षांश म्हणून घेतले तर काही वेळा ३५ मैलांहून जास्त फरक पडतो. कोष्टकात तीन पायऱ्या आहेत. a० मेषारंभाच्या स्थानिक होराकोनावरून (आपल्या रेखांशापासून पश्चिमेकडे मोजलेला त्याचा कोन), a१ अंदाजे अक्षांशावरून, a२ महिन्यावरून. तिन्ही उन्नतांशांत मिळवायचे आणि शेवटी सरसकट एक अंश वजा करायचा. हा एक अंश कुठून आला? कोष्टक करणाऱ्यांनी तिन्ही आकड्यांत आधीच ठरावीक भर घातलेली आहे: a० मध्ये ५८.८′, a१ आणि a२ मध्ये प्रत्येकी ०.६′. बेरीज बरोबर ६०′. त्यामुळे तिन्ही आकडे नेहमी अधिकच येतात. हलत्या जहाजावर, रात्री, थकलेल्या माणसाने अधिक-उणे चिन्हांत अडकू नये म्हणून केलेली ही सोय आहे. इतकी काळजी घेणाऱ्या माणसांबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

समुद्राचं क्षितिज दिसत नसलेल्यांनी कृत्रिम क्षितिज वापरावं. पसरट ताटलीत दाट तेल घ्यायचं, कारण पाणी वाऱ्याच्या झुळकीनेही थरथरतं. आकाशातला सूर्य आणि तेलातलं त्याचं प्रतिबिंब एकमेकांना टेकवायचं; दोन्हींवर गडद काच हवीच. मिळतो तो दुप्पट कोन. आधी उपकरणाची निर्देशांक-चूक (शून्य नेमकं शून्यावर नसल्याने येणारा फरक) काढा, मग अर्धं करा, मग वक्रीभवन (हवेत प्रकाश वाकल्याने पडणारा फरक) आणि सूर्याच्या अर्धव्यासाची दुरुस्ती. हा क्रम बदलू नका. डोळ्याच्या उंचीची, म्हणजे डिपची, दुरुस्ती इथे लागतच नाही. सेक्स्टंटचा चाप साधारण १२० अंशांपर्यंत असल्याने ६० अंशांच्या वरचा सूर्य असा मोजता येत नाही.

काहींनी विचारलं होतं की पंचांग दरवर्षी नवं लागतं का. सूर्य आणि ताऱ्यांपुरतं जुनं चालतं, आणि कसं वापरायचं ते पंचांगातच लिहिलेलं असतं. मध्ये २९ फेब्रुवारी आलेली नसेल तर सूर्यासाठी मागच्या वर्षाची तीच तारीख घ्या, पण वेधाच्या वेळेआधी ५ तास ४८ मिनिटांची नोंद वाचा आणि जीएचएमध्ये ८७ अंश मिळवा. वर्ष ३६५ दिवस आणि सुमारे ५ तास ४८ मिनिटांचं असतं, आणि तेवढ्या वेळात पृथ्वी बरोबर ८७ अंश फिरते. पुन्हा तीच १५ अंशांची चाल. चंद्र आणि ग्रहांना मात्र हे लागू नाही. त्यांच्यासाठी चालू वर्षाचंच पंचांग हवं.

चंद्राचे वेध आता सुरू केलेत. काम वाढतं. तो इतका जवळ आहे की लंबनाची (पृथ्वीच्या केंद्राऐवजी पृष्ठभागावरून पाहिल्याने पडणाऱ्या फरकाची) दुरुस्ती जवळजवळ एका अंशापर्यंत जाते, म्हणून एचपी, म्हणजे चंद्र क्षितिजावर असतानाचं लंबन, हा आकडा दर तासाला वेगळा दिलेला असतो. वरची कड मोजली असेल तर कोष्टकाच्या शेवटी ३०′ वजा करायचे.

पुढचा बेत चांद्र-अंतराचा. नेव्हिल मॅस्केलाइन यांनी १७६७ सालासाठी पहिलं नॉटिकल अल्मनॅक काढलं ते मुख्यतः यासाठीच: चंद्राचं सूर्यापासूनचं आणि ठरावीक ताऱ्यांपासूनचं, कोनात मोजलेलं अंतर दर तीन तासांनी छापलेलं, म्हणजे विश्वासाचं घड्याळ नसलेल्या जहाजालाही ग्रीनिचची वेळ मिळावी. हे आकडे माणसं घरी बसून हाताने काढत आणि दुसरा माणूस ते ताडून पाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ही कोष्टकं पंचांगातून गेली, त्यामुळे आज ती अंतरं जीएचए आणि क्रांतीवरून स्वतः काढावी लागतात. पद्धत कडक आहे. चंद्र ताऱ्यांमधून तासाला अर्धा अंशच सरकतो, म्हणून अंतरात एका कलेचा फरक पडला तर वेळेत दोन मिनिटांचा पडतो, आणि रेखांशात अर्ध्या अंशाचा. पहिल्यांदा मघा आणि चंद्र अशी जोडी घेणार आहे, कारण मघा चंद्राच्या वाटेला अगदी लागून आहे आणि अंतर सरळ त्या वाटेवरच बदलत जातं. ज्यांनी हे आधी केलंय त्यांनी वक्रीभवन आणि लंबन बाजूला काढायची कोणती रीत हाताला सोपी जाते ते जरूर सांगा.