दांग न्यात मिन्ह यांचे चित्रपट : ‘पेरूचा हंगाम’पर्यंतची नोंद

दांग न्यात मिन्ह या व्हिएतनामी दिग्दर्शकाचे प्रमुख चित्रपट कालक्रमाने पाहण्याचा उपक्रम आता २००० सालच्या ‘पेरूचा हंगाम’पर्यंत आला आहे. चित्रपट आधी सलग पाहायचा आणि मग थांबवत, प्रसंगागणिक टिपणे काढत पुन्हा पाहायचा, ही पद्धत कायम आहे. १९३८ मध्ये जन्मलेले मिन्ह रशियन भाषेचे दुभाषे म्हणून या क्षेत्रात आले आणि दिग्दर्शन बहुतांशी काम करता करताच शिकले.

सर्वाधिक टिपणे १९८४ च्या ‘दहावा महिना येईल तेव्हा’ या कृष्णधवल चित्रपटाची झाली. सैनिक पती मरण पावल्याचे कळूनही झुयेन ते आजारी सासऱ्यांपासून लपवते आणि गावातल्या शिक्षकाकडून पतीच्या नावाने पत्रे लिहून घेते. पुढे गावाला या दोघांच्या संबंधांचा संशय येतो. परंतु खरी कसोटी त्याआधी, गावच्या ‘चेओ’ या पारंपरिक लोकनाट्याच्या प्रयोगात लागते. युद्धावर निघालेल्या नवऱ्याला निरोप देणाऱ्या पत्नीची भूमिका तिच्याच वाट्याला येते आणि नाटकातले शब्द उच्चारता उच्चारता तिचा बांध फुटतो. समोर बसलेले गाव त्याला अभिनय समजू शकते, प्रेक्षकाला मात्र तशी सवलत नाही. दारिद्र्याची दृश्ये मांडून सामाजिक वास्तव दाखवणे तुलनेने सोपे. मिन्ह ते बोलता न येणाऱ्या एका गोष्टीतून उभे करतात, हे माझे मत या प्रसंगाने पक्के झाले.

१९८७ च्या ‘नदीवरची मुलगी’मध्ये लपवण्यामागचा हेतूच पालटतो. ह्युए शहरातील सुगंधी नदीवर नावेत देहविक्रय करणारी न्गुयेत युद्धकाळात एका क्रांतिकारकाला आसरा देते. पुढे मोठ्या पदावर पोहोचलेला तोच माणूस तिला ओळख देत नाही. झुयेन दयेपोटी खोटे बोलते, हा अधिकारी खुर्चीपायी. १९८६ मध्ये ‘दोइ मोइ’ या सुधारणा धोरणाची घोषणा झाल्यानंतर लगेच असा चित्रपट सरकारी व्यवस्थेतच तयार व्हावा, हे मला त्याच्या कथेइतकेच लक्षणीय वाटते. कथानकातील योगायोग मात्र जरा जास्तच जुळून येतात.

‘पेरूचा हंगाम’ त्या मानाने संथ आहे. लहानपणी पेरूच्या झाडावरून पडल्यामुळे मनाने त्याच वयात अडकलेला होआ हनोईतील आपल्या जुन्या घराकडे पुन्हा पुन्हा जातो. घर आता एका अधिकाऱ्याच्या ताब्यात आहे आणि कुंपणावरून आत उतरणारा होआ पोलिसांच्या लेखी घुसखोर ठरतो. मालकी कशी बदलली याचा वाद कोणी घालत नाही. ज्याला वाद घालताच येत नाही असा माणूस मध्यभागी ठेवल्यामुळे अन्याय अधिक स्पष्ट दिसतो.

आता २००९ चा ‘जाळू नका’ घ्यायचा आहे. १९७० मध्ये मारल्या गेलेल्या डॉक्टर दांग थुय त्राम यांची दैनंदिनी एका अमेरिकी सैनिकाने अनेक वर्षे जपून ठेवली, त्यावर तो आधारलेला आहे. लपवण्याऐवजी जपणे हा विषय झाल्यावर आणि कथा अमेरिकेपर्यंत पसरल्यावर मिन्ह यांची घरगुती, जवळून पाहणारी शैली टिकते का, हे त्यात तपासणार आहे.