रॉबर्ट्सचे नव्वद फूट

परभणीत सॉफ्टबॉल खेळणाऱ्या मुलांना बेसबॉलचा एकच सामना दाखवायचा झाला, तर मी १७ ऑक्टोबर २००४ चा दाखवतो. बोस्टनच्या फेनवे पार्कवर रेड सॉक्स आणि न्यूयॉर्क यांकीज या हाडवैऱ्यांमधला, अमेरिकन लीगच्या अजिंक्यपद मालिकेतील तो चौथा सामना होता. चार विजय आधी मिळवणाऱ्याची ही मालिका; यांकीज ३-० ने पुढे होते, आदल्याच रात्री त्यांनी १९-८ असा धुव्वा उडवला होता, आणि १९१८ पासून जागतिक मालिकेच्या (दोन लीगच्या विजेत्यांमधल्या अंतिम लढतीच्या) विजेतेपदाला पारख्या झालेल्या बोस्टनला आणखी एक पराभव परवडणारा नव्हता.

नवव्या इनिंगमध्ये यांकीज ४-३ ने पुढे आणि पिचिंगला (चेंडू टाकायला) त्यांचा मारियानो रिव्हेरा. त्याने चार बॉल (हिटरच्या टप्प्याबाहेरचे चेंडू) देऊन केव्हिन मिलारला पहिल्या बेसवर पाठवले, तेव्हा बोस्टनने मिलारच्या जागी डेव्ह रॉबर्ट्सला धावायला उतरवले. हा दुसरा बेस चोरणार, म्हणजे फटक्याची वाट न पाहता तिकडे धावणार, हे शेंबड्या पोरालाही कळत होते. रिव्हेराने हिटरकडे एकही चेंडू न टाकता तीनदा पहिल्या बेसकडे फेकला. इथे आमची मुले हमखास विचारतात, "सर, बेस सोडून एवढा पुढं कसा काय उभा राहिला तो?" सॉफ्टबॉलमध्ये पिचरच्या हातून चेंडू सुटेपर्यंत रनरला बेस सोडता येत नाही; बेसबॉलमध्ये ती मोकळीक असल्यामुळेच हा उंदीर-मांजराचा खेळ रंगतो.

पुढच्याच चेंडूवर रॉबर्ट्स सुटला. कॅचर पोसाडाची फेक उत्तम होती, दुसऱ्या बेसवर जेटरने टॅगही (चेंडूसह रनरला स्पर्श) चटकन लावला, पण रॉबर्ट्सचा हात निमिषभर आधी बेसला लागला होता. बिल म्युलरच्या फटक्यावर तो होम बेसवर पोचून धाव पूर्ण झाली आणि बरोबरी झाली. बाराव्या इनिंगमध्ये डेव्हिड ऑर्टिझच्या होमरनने सामना बोस्टनच्या बाजूने ६-४ असा संपला, तेव्हा तिकडे मध्यरात्र उलटून गेली होती आणि आपल्याकडे सोमवारची सकाळ होती.

लोक ऑर्टिझचा होमरन आठवतात. माझ्या मते सामना पहिल्या आणि दुसऱ्या बेसमधल्या त्या नव्वद फुटांतच फिरला. पुढे बोस्टनने ही मालिका ४-३ अशी आणि जागतिक मालिका ४-० अशी जिंकली, परंतु जागतिक मालिकेत रॉबर्ट्सला एकदाही उतरवले गेले नाही. तरीही बोस्टनने केवळ वेगासाठी संघात एक जागा राखली होती. आपल्याकडे जिल्हा संघ निवडताना असे कुणी नुसते सुचवले, तरी बैठकीत हशा पिकतो.