किनाऱ्यावरचा माहितीपट: आधी पाणी, मग आवाज, कॅमेरा शेवटी

स्वतःचं स्वतः शिकून माहितीपट करायला निघालेला माणूस बहुतेक वेळा कॅमेऱ्यापासून सुरुवात करतो. मच्छीमारांच्या वस्तीत काम करायचं तर हा क्रम उलटा केलेला बरा.

होड्या कधी निघणार, शिंपल्या वेचायला बायका खडकांवर कधी उतरणार, हे पाणी ठरवतं. बहुतेक किनाऱ्यांवर दोन भरतींमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटं जातात, म्हणजे आजची ओहोटी उद्या सुमारे ५० मिनिटं उशिरा. आज सूर्योदयाला उघडे पडलेले खडक टिपायचे राहिले, तर उद्या उजेड तोच असेल, पाणी मात्र वेगळं. पुन्हा तसा मेळ जमायला साधारण १५ दिवस जातात, तेव्हा राहिलेल्या शॉटसाठी तारीख त्या हिशेबाने धरा. आणखी एक गोष्ट बऱ्याच जणांच्या लक्षात येत नाही: एका किनाऱ्यावर उधाणाची, म्हणजे अमावास्या-पौर्णिमेच्या सुमाराची, ओहोटी नेहमी दिवसाच्या साधारण त्याच वेळी येते. तुमच्या गावात ती दुपारी येत असेल, तर पार आत गेलेलं पाणी आणि कोवळं ऊन एका फ्रेममध्ये मिळणार नाही. हट्ट सोडा.

पाणी एका वेगानेही चढत नाही. भरतीच्या सहा तासांपैकी मधल्या दोन तासांत जवळजवळ निम्मं पाणी येतं. ट्रायपॉड लावून निवांत बसलेले लोक अडकतात ते याच वेळी. वाळूत ट्रायपॉडचा सर्वांत खालचा, बारीक भाग आधी पूर्ण उघडा. वरच्या भागांची कुलपं कोरडी राहतात, वाळू जात नाही. पायांखाली फळीचे तुकडे ठेवा, नाहीतर प्रत्येक लाटेगणिक एक पाय खचतो आणि क्षितिज कलतं.

आता आवाज, कारण असले माहितीपट पडतात ते इथेच. बोलणाऱ्याच्या मागे समुद्र अशी फ्रेम सगळ्यांनाच हवी असते. पण कॅमेऱ्यावरचा माइक तेव्हा माणसाबरोबर थेट लाटांकडेही रोखलेला असतो. लाटांचा आवाज खर्जापासून वरच्या पट्टीपर्यंत पसरलेला असल्यामुळे ‘स’, ‘श’, ‘फ’ त्यातच बुडतात आणि एडिटिंगला ते वेगळे काढता येत नाहीत. माइक बूमवर (लांब दांड्यावर) डोक्याच्या वरून खाली तोंड करून धरा, किंवा माणसाला होडीच्या आडोशाला बसवून समुद्र कॅमेऱ्याच्या पाठीमागे घ्या. समुद्र दाखवायला वेगळे शॉट आहेतच.

वाऱ्याला नुसता फोम पुरत नाही, केसाळ कव्हरच लागतं. लो-कट (खर्जातला आवाज कापणारा फिल्टर) लावला की झालं, असं समजू नका. वाऱ्याच्या झोताने माइकचा पडदाच हेलकावत असेल, तर पुढचा कुठलाच फिल्टर तो आवाज परत आणत नाही. फार मोठा आवाजही न फाटू देणारं ३२-बिट फ्लोट रेकॉर्डिंगही नाही. त्यापेक्षा वेळ निवडा: मतलई वारे पडलेले असतात आणि खारे वारे सुरू व्हायचे असतात, तो सकाळचा मधला काळ मुलाखतीला सोन्यासारखा. प्रत्येक जागी कोणी न बोलता तीन मिनिटं नुसत्या लाटा रेकॉर्ड करा. वाक्य कापलं की मागची फुटणारी लाटही अर्ध्यात तुटते, ती जोडायला हेच लागतं.

कॅमेऱ्याचं थोडक्यात. सेकंदाला २५ फ्रेम असतील तर शटर १/५०. भर उन्हात आयएसओ १०० आणि एफ/४ ठेवायचं तर एनडी (लेन्समध्ये येणारा उजेड कमी करणारा फिल्टर) ३२, पांढऱ्या वाळूवर ६४. जाळं दुरुस्तीसारखं काम एका कॅमेऱ्यालाही छान कापता येतं, कारण गाठ तीच पुन्हा येते. एक गाठ सुरुवातीपासून आवळेपर्यंत वाइडमध्ये घ्या, पुढची फक्त बोटांवर: सुई फासातून जाते, अंगठा दोरा दाबतो, झटका बसतो. या झटक्यावर कट मारला की सांधा दिसत नाही.

होडीत ट्रायपॉड नको, इंजिनाची थरथर पायांतून थेट लेन्सपर्यंत चढते. गुडघे सैल ठेवून हातात धरा आणि होडीची कड फ्रेममध्ये असू द्या. मग हलतेय ती होडी, कॅमेरा नव्हे, हे कळतं. जाळं सुटताना पाय दोरीच्या वेटोळ्यात नसावा. दोरी ताणली की माणूस जाळ्याबरोबर पाण्यात जातो. म्हणून कुठे उभं राहायचं ते तांडेलाला, म्हणजे होडीच्या प्रमुखाला, विचारा, आणि तेही होडी सुटायच्या आधी. जाळं ओढताना कोणाला प्रश्न विचारू नका.

मीठ हवेतला ओलावा ओढतं, त्यामुळे बॅगेत ठेवलेला कॅमेराही रात्रभर गंजत राहतो. गोड्या पाण्यात भिजवून घट्ट पिळलेल्या फडक्याने आधी बॉडी पुसा, मगच कोरडं फडकं. उलट केलंत तर मिठाचे कण ओरखडे काढतात. खाऱ्या पाण्यात पडलाच, तर चालू होतो का ते बघू नका, बॅटरी लगेच काढा. किनाऱ्यावर लेन्स बदलणं टाळा. कार्ड रिकामं करण्याआधी दोन वेगळ्या डिस्कवर प्रत घ्या, दोन्ही उघडून बघा, आणि फोल्डरच्या नावात तारखेसोबत भरती की ओहोटी तेही लिहा.