‘द इटालियन’ला साथसंगत: काम कुठवर आलंय

‘द इटालियन’ या १९१५च्या मूकपटाला पेटी-मेंडोलिनची साथ बसवतोय, त्यातला व्हेनिसचा भाग बसला एकदाचा. तिथल्या होडीवाल्यांच्या गाण्यांची सहाच्या हिशेबातली लय दादरा तालाला छान जुळते, म्हणून पेटी त्याच अंगाने चालवतो. मेंडोलिन मात्र नायक बेप्पो न्यूयॉर्कला पोचेपर्यंत म्यानातच. हे वाद्य नेपल्सकडचं, आणि १८८० ते १९२० दरम्यान अमेरिकेत गेलेल्या चाळीस लाखांवर इटालियनांत भरणा दक्षिणेकडच्यांचाच होता. व्हेनिसचा गोंडोलावाला तिथे जाऊन बूटपॉलिश करतो, हा नायक तसा अपवादच. (शुद्धतेचा एवढा आग्रह धरतोय खरा, पण पडद्यावरचे कालवे कॅलिफोर्नियातल्या व्हेनिसचे आहेत!)

चित्रपटाचा वेग सेकंदाला १८ फ्रेमवर कायम केला. २४वर बेप्पो झालेल्या जॉर्ज बेबनची चाल विनोदी दिसते आणि लोक नको तिथे हसतात. पूर्वार्धात त्याला हसवायचंच आहे, उत्तरार्धात अजिबात नाही.

खरी कसोटी दुधाच्या प्रसंगाची. उन्हाळ्याची काहिली, तान्हं बाळ आजारी, डॉक्टर पाश्चराइज्ड दूध द्या म्हणतात. न्यूयॉर्कच्या गरीब वस्त्यांत बाळं दूषित दुधाने दगावत, दानशूर व्यापारी नेथन स्ट्रॉसने १८९३पासून तिथे दूधकेंद्रं काढली ती त्यामुळेच. इकडे बेप्पोचे पैसे चोर लुटतात. इटालियन मतं मिळवायला ज्याने त्याला हाताशी धरलं, तो पुढारी कॉरिगन आता ओळखसुद्धा दाखवत नाही. बेप्पो तुरुंगात, बाळ जातं. इथे करुण सूर लावायचा मोह होतो, मी तो टाळलाय. बेबनचा चेहरा एवढं काम करत असताना पेटीने कशाला गळा काढायचा? नुसता खालचा षड्ज धरून ठेवतो.

पुढे बेप्पो सूड घ्यायला कॉरिगनच्या घरात शिरतो. कॉरिगनचं मूल आजारी आहे आणि आवाज झाला तर जिवावर बेतेल अशी अवस्था. अख्खा प्रसंगच आवाजाच्या भीतीवर उभा, तर वाजवणाऱ्याने करायचं काय? भाता बंद. झोपेतलं मूल आपल्या बाळासारखाच हात हलवतं आणि बेप्पो थबकतो, तिथेही काही नाही. मेंडोलिनवाल्या मित्राला हे पटत नाही, प्रेक्षकांना वाटेल आम्ही जागा विसरलो, असं त्याचं म्हणणं. तालमीला चार बाहेरची माणसं बसवून बघू.

लग्नाचा भाग अजून कोराच आहे. तिथे बँडबाजा हवा, आणि आमच्याकडे क्लॅरिनेट वाजवणारं कुणी नाही.