ओआरएस पाजलं की जुलाब वाढणारं बाळ

एनआयसीयूत, म्हणजे नवजात बाळांच्या आयसीयूत, काम केलेल्या कुणालाही विचारा, डायपर जड लागला की आम्ही खुश होतो. बाळ लघवी करतंय म्हणजे अंगात पाणी पुरतंय, चार्टवर टिक मारा आणि पुढच्या बाळाकडे चला. या केसमध्ये प्रत्येक डायपर जड होता आणि बाळ मात्र सुकत चाललं होतं.

मी तेव्हा पेडियाट्रिक्सची रेसिडेंट. बाळ दुसरीकडून रेफर होऊन आलेलं, जन्माला आठवडाही झाला नव्हता. जन्माचं वजन २.९ किलो, आमच्या काट्यावर भरलं २.३५. टाळू आत गेलेली, पोटाची कातडी चिमटीत धरून सोडली तर तशीच उभी, आणि रिपोर्टमध्ये सोडियम १६८. हे सोडियम खाली तर आणायचं असतं पण हळूहळू, तासाला अर्ध्या युनिटपेक्षा जास्त वेगाने उतरलं तर मेंदूला सूज येऊन फिट्स येऊ शकतात, त्यामुळे सलाईनचा एकेक मिली हिशोबाने. रेफरच्या कागदावर लिहिलेलं, दूध नीट ओढतं, उलटी नाही, लघवी भरपूर. बस्स. जुलाब हा शब्दच कुठे नाही. मग आमच्याही चर्चेत पहिलं नाव तेच आलं, एवढी लघवी आणि एवढं सोडियम म्हणजे किडनी पाणी धरून ठेवत नाहीये, डायबेटिस इन्सिपिडस असेल (हा साखरेचा डायबेटिस नव्हे), लघवीची तपासणी पाठवा.

त्यासाठी सिस्टरनी युरिन बॅग चिकटवली आणि थोड्या वेळाने त्यांनीच हाक मारली, "डॉक्टर, जरा इकडे या. बॅग कोरडी आहे, डायपर भिजलाय." लघवीच्या जागी बॅग चिकटलेली, तिच्यात थेंब नाही आणि मागून डायपर चिंब, म्हणजे हे पाणी येतंय कुठून हे वेगळं सांगायला नको. सिस्टरनी डायपर उलटा करून प्लास्टिकची बाजू वर ठेवली (शोषून घेणारी बाजू वर असली की हातात काहीच लागत नाही, ही त्यांचीच युक्ती) आणि पुढच्या वेळी त्यावर जमा झालं ते नुसतं पाणी, किंचित पिवळट, एक कण नाही, वास जरासा आंबूस. ढुंगण लालभडक सोललेलं. इतके दिवस ज्याला सगळे लघवी म्हणत होते ती शी होती. या केसचं निम्मं डायग्नोसिस माझ्या मते त्या सिस्टरचं आहे, डिस्चार्ज समरीत त्यांचं नाव येत नाही ही गोष्ट वेगळी.

आता जुलाब म्हणलं की पहिलं नाव इन्फेक्शन. मोठी बहीण एकदम ठणठणीत, त्यामुळे घराण्यातलं काही असेल असंही कुणाला वाटलं नाही. कल्चर पाठवलं, अँटिबायोटिक चालू केलं, तोंडाने सगळं बंद, फक्त सलाईन. आणि दुसऱ्या दिवसापर्यंत जुलाब गायब! पोटात काही गेलं नाही की थांबतात, म्हणजे आतडं स्वतःहून पाणी सोडत नाहीये, आत गेलेली कुठलीतरी गोष्ट पचत नाहीये किंवा शोषली जात नाहीये आणि ती पाणी ओढून घेतेय. शीमधलं सोडियम-पोटॅशियम मोजलं, ३० आणि २०. दोघांची बेरीज पन्नास, दुप्पट केली की शंभर, २९० मधून (शीत विरघळलेल्या सगळ्या कणांचं नेहमीचं माप) वजा केली तर १९० चा गॅप. शंभरच्या वर गॅप असला की ऑस्मोटिक डायरिया, म्हणजे न शोषलेल्या गोष्टीने पाणी ओढून झालेला जुलाब. शीचा पीएच ५, म्हणजे न शोषलेली साखर खाली मोठ्या आतड्यात जाऊन बॅक्टेरिया तिचं आम्ल करतायत, तो आंबूस वास त्याचाच.

साखर हे कळलं. कुठली साखर हे कळायचं होतं.

आईचं दूध परत थोडं चालू केलं, काही तासांत पाणी. मग सगळ्यांनी धरलं की लॅक्टोज पचत नसेल, दुधातली साखर तीच ना. लॅक्टोज-फ्री पावडर दिली. तरी पाणी. इथे वॉर्डातले बरेच जण गोंधळले पण डब्याच्या मागे बारीक अक्षरात बघितलं तर लॅक्टोजच्या जागी माल्टोडेक्स्ट्रिन आहे, आणि माल्टोडेक्स्ट्रिन म्हणजे ग्लुकोजच्याच साखळ्या, आतड्यात तुटून शेवटी ग्लुकोजच होतं. आमच्या मॅडम म्हणाल्या, सलाईन चालू ठेवून मोजून थोडं ओआरएस द्या आणि बघत बसा. ओआरएस! आम्ही दिवसभर आयांना हेच शिकवतो की जुलाब झाले तर ओआरएस पाजा, आणि त्या बाळाला ओआरएस गेलं की धो-धो पाणी.

"स्ट्रिप आण," मॅडम म्हणाल्या.

"कुठली मॅडम?"

"लघवीची गं, नेहमीची."

उलट्या डायपरवर जमलेल्या त्या पाण्यात मी लघवी तपासायची स्ट्रिप बुडवली. ग्लुकोजचा चौकोन आधी फिकट निळसर असतो, अर्ध्या मिनिटात तो हिरवा झाला आणि बघता बघता चॉकलेटी. स्ट्रिपवरचं एन्झाइम फक्त ग्लुकोजलाच ओळखतं, लॅक्टोज किंवा गॅलॅक्टोजला नाही. म्हणजे तोंडातून ग्लुकोज गेलं आणि तेच ग्लुकोज जसंच्या तसं खालून बाहेर आलं. त्याच वेळी बाळाची रक्तातली शुगर होती ८२, सलाईनमधल्या डेक्स्ट्रोजवर (डेक्स्ट्रोज म्हणजे ग्लुकोजच). मला तो चॉकलेटी चौकोन अजून दिसतो, एमबीबीएसच्या पहिल्या वर्षी घोकलेली आकृती कुणीतरी डायपरवर काढून दाखवावी तसं वाटलं.

ती आकृती थोडी सांगते कारण त्याशिवाय गंमत कळणार नाही. आपल्या सगळ्यांची साधी समजूत असते की जिकडे जास्त आहे तिकडून कमी असेल तिकडे साखर आपोआप जाते. जाते, पण तिला पेशीच्या आवरणातून जायला दार लागतं, ग्लुकोज पाण्यात विरघळणारा मोठा रेणू आहे, चरबीच्या पडद्यातून तो सहज घुसत नाही. शरीरात बहुतेक ठिकाणी ही दारं ग्लुट नावाच्या प्रोटीन्सची, मेंदू आणि लाल पेशींना ग्लुट-१, स्नायू आणि चरबीला ग्लुट-४ जे इन्सुलिन आलं की पृष्ठभागावर येतं. ही सगळी उताराची दारं, दोन बाजूंत फरक असेल तेवढंच चालतात. पण लहान आतड्यात उतार पुरत नाही, जेवण संपत आलं की आतड्याच्या पोकळीत ग्लुकोज कमी आणि पेशीत जास्त अशी वेळ येते, आणि तेव्हा उताराच्या भरवशावर बसलो तर शेवटची साखर शीतून वाया जाणार. म्हणून तिथे एसजीएलटी-१ नावाचं वेगळं, चढावर नेणारं दार आहे. पेशीच्या मागच्या बाजूला, म्हणजे रक्ताकडच्या अंगाला, एक पंप एटीपी (पेशीचं इंधन) जाळून तीन सोडियम बाहेर फेकतो आणि दोन पोटॅशियम आत घेतो, त्यामुळे पेशीतलं सोडियम कायम कमी. बाहेर साधारण १४०, आत दहा-पंधरा. पोकळीतलं सोडियम मग आत यायला टपलेलं असतं आणि एसजीएलटी-१ त्याला आत सोडतं पण एका अटीवर, ग्लुकोजला बरोबर घ्यायचं. दोन सोडियम आणि एक ग्लुकोज, सरळ ट्रिपल सीट. हिशोब करून बघा, सोडियमचा फरक दहापट धरला आणि दोन सोडियम एकदम येतात म्हणून दहाचा वर्ग, म्हणजे नुसत्या त्या जोरावर ग्लुकोज तत्त्वतः शंभरपट चढावर नेता येतं, पेशीच्या आत जो निगेटिव्ह व्होल्टेज असतो त्याची मदत वेगळीच. आत साठलेलं ग्लुकोज मागच्या ग्लुट-२ च्या दाराने उताराने रक्तात. त्याच्या मागोमाग पाणी.

ही सोडियमबरोबर ग्लुकोज जाण्याची कल्पना बायोकेमिस्ट रॉबर्ट क्रेन यांनी १९६० साली प्रागच्या एका परिषदेत मांडली. ओआरएसमध्ये मीठ आणि ग्लुकोज दोन्ही का असतात याचं उत्तर तेच, आताच्या डब्ल्यूएचओच्या फॉर्म्युल्यात लिटरमागे सोडियम ७५ मिलीमोल आणि ग्लुकोजही ७५. कॉलऱ्यात आतडं पाणी सोडत असतं तेव्हाही हे दार शाबूत राहतं, म्हणून ओआरएस चालतं.

आमच्या बाळाचं नेमकं हेच दार जन्मतः बंद होतं. ग्लुकोज-गॅलॅक्टोज मालअॅब्सॉर्प्शन, १९६२ मध्ये पहिल्यांदा वर्णन झालेला दुर्मिळ आजार. एसएलसी५ए१ या जीनमध्ये बिघाड, आई-वडील दोघेही कॅरियर (बिघडलेली एक प्रत अंगात, पण स्वतः ठणठणीत) असले तरच मुलाला होतो, आणि तेव्हाही प्रत्येक मुलाला होतोच असं नाही, म्हणून मोठी बहीण ठणठणीत असणं काहीच सिद्ध करत नव्हतं. गॅलॅक्टोजही याच दाराने जातं, त्यामुळे आईच्या दुधातलं लॅक्टोज छान तुटत होतं आणि तुटलेले दोन्ही तुकडे, ग्लुकोज आणि गॅलॅक्टोज, तिथेच अडकत होते. ओआरएसमधलं ग्लुकोजही अडकणार, वर पाणी ओढणार, जुलाब वाढणार. लघवीतही थोडं ग्लुकोज मिळालं, एक प्लस, रक्तात ८२ असताना. किडनीत गाळलेली बहुतेक साखर एसजीएलटी-२ परत घेतं, उरलेली थोडी एसजीएलटी-१ च्या वाट्याला असते, तीच इथे सुटून जात होती. मला हा पुरावा जीन रिपोर्टपेक्षा जास्त आवडला, जीन रिपोर्ट यायला बराच वेळ लागला आणि तोपर्यंत बाळ घरी जायच्या तयारीत होतं.

उपचार म्हणाल तर चक्क फ्रुक्टोज. त्याचं दार वेगळं, ग्लुट-५, उताराचं, सोडियमशी संबंध नाही. कार्बोहायड्रेट नसलेली बेस पावडर मागवायची आणि त्यात वेगळं फ्रुक्टोज मोजून घालायचं. ही पावडर स्टॉकमध्ये कुणी ठेवत नाही, ती येईपर्यंत बाळ सेंट्रल लाइनवर (मोठ्या शिरेत घातलेली नळी) आणि आमचे सगळ्यांचे डोळे त्या लाइनला इन्फेक्शन होऊ नये यावर. सुरुवातही घाबरत घाबरत, कारण एखाद्या बाळाला फ्रुक्टोजच सोसत नसेल तर ते लिव्हरला महागात पडतं, म्हणून थोडं थोडं द्यायचं, शुगर आणि लिव्हरचे रिपोर्ट बघत. पहिल्या काही फीडनंतर सिस्टर डायपर घेऊन सरळ डॉक्टर्स रूममध्येच आल्या. पिवळी, घट्टसर शी. तिथे चहा पिणाऱ्या लोकांनी त्या शीचं जे कौतुक केलं ते बाहेरच्या माणसाने बघितलं असतं तर आम्हाला वेडात काढलं असतं.

आईला समजावणं जास्त अवघड गेलं. "माझं दूध त्याला विष होतं का?" हा तिचा पहिला प्रश्न. नाही ताई, दुधात काही दोष नाही, त्याच्या आतड्याला एक दार नाहीये. बाबांचा प्रश्न मात्र फार नेमका होता, "साखर चालत नाही म्हणता आणि सलाईनमधून साखरच देता, ती कशी चालते?" शिरेतून गेलेल्या साखरेला आतड्याचं दार लागतच नाही, पुढे मेंदूची, स्नायूंची दारं त्याची शाबूत आहेत. हे त्यांना लगेच पटलं, आमच्या दोन इंटर्नना पटायला जास्त वेळ लागला.

आजार आयुष्यभराचा आहे, मोठं झाल्यावर थोडंफार ग्लुकोज सोसायला लागतं पण सुरुवातीची वर्षं डोळ्यात तेल घालून काढावी लागतात. सगळ्यात जास्त त्रास औषधांच्या सिरपचा होतो, गोडव्यासाठी साखर घातलेली असते आणि साखर म्हणजे अर्धं ग्लुकोज. तापाला सपोझिटरी (शीच्या जागेतून द्यायचं औषध) द्यायची असं ठरवून दिलं. फाइलच्या पहिल्या पानावर लाल पेनाने लिहिलं, ओआरएस देऊ नये, जुलाब झाले तर सलाईन.

पुढे ते बाळ एकदा खऱ्याखुऱ्या इन्फेक्शनचे जुलाब होऊन इमर्जन्सीत आलं. रात्री नवीन ज्युनियरचा फोन, "मॅडम, जुलाबाचं बाळ आहे आणि फाइलवर ओआरएस देऊ नये असं लिहिलंय, चुकून लिहिलंय का हे?" म्हणलं नाही रे, बरोबर आहे, शुगर बघ आणि लगेच सलाईन लाव. त्याने विचारलं, डेक्स्ट्रोजवालं चालेल? म्हणलं चालेल की, शिरेतून जातंय ना.